क्लोद बेर्नार: सजीव म्हणजे काय, हे यकृताला विचारणारे डॉक्टर

रात्री नऊला तुम्ही जेवलात. सकाळी आठला लॅबमध्ये उपाशीपोटी रक्त दिले. मधल्या अकरा तासांत पाण्याशिवाय पोटात काही गेले नाही. तरीही रिपोर्टवर फास्टिंग शुगरसमोर 92 हा आकडा आहे. ही साखर आली कुठून?

मधुमेहाचे रुग्ण हाच प्रश्न जरा तक्रारीच्या सुरात विचारतात. रात्री भातसुद्धा खाल्ला नाही, मग सकाळी साखर 150 कशी? घरचे संशयाने बघतात. चोरून काहीतरी गोड खाल्ले असणार, असे त्यांना वाटते. बहुतेक वेळा रुग्ण खरे बोलत असतो.

या साध्या प्रश्नाचे उत्तर पहिल्यांदा सापडले ते 1848 ते 1857 या काळात, पॅरिसमधल्या एका ओलसर, अंधाऱ्या प्रयोगशाळेत. शोधणारे होते फ्रेंच डॉक्टर क्लोद बेर्नार. आपल्याकडच्या पुस्तकांत त्यांचे नाव क्लॉड बर्नार्ड असेही लिहिलेले दिसते. साखरेचा माग काढता काढता ते एका फार जुन्या प्रश्नापाशी पोचले: सजीव आणि निर्जीव यांत नेमका फरक काय? त्यांचे उत्तर आजही तुमच्या प्रत्येक रक्ततपासणीच्या कागदावर छापलेले असते. कसे, ते पाहू.

नाटककार व्हायला निघालेला मुलगा

बेर्नार यांचा जन्म 12 जुलै 1813 रोजी सां-झ्युलियें या गावी झाला. हे गाव ल्यों शहराच्या उत्तरेला, द्राक्षमळ्यांच्या प्रदेशात आहे. वडील द्राक्षे पिकवून वाईन करत. घरची परिस्थिती बेताची होती. शिक्षण अर्धवट सोडून क्लोद ल्योंजवळच्या एका औषधाच्या दुकानात उमेदवारी करू लागले.

त्या दुकानात थेरियाक नावाचे एक जुने औषध खपायचे. त्यात असंख्य पदार्थ असत आणि ते सगळ्या रोगांवर चालते, असा लोकांचा विश्वास होता. दुकानात उरलेसुरले, बिघडलेले जे काही असेल ते त्या भांड्यात जायचे. औषध दर वेळी वेगळे बनायचे आणि लोक दर वेळी तितक्याच श्रद्धेने न्यायचे. औषधांबद्दलचा त्यांचा भाबडा विश्वास इथेच संपला असावा.

मन मात्र नाटकात होते. त्यांनी लिहिलेली एक हलकीफुलकी नाटिका ल्योंमध्ये रंगभूमीवर आली आणि लोकांना आवडली. मग त्यांनी एक पाच अंकी ऐतिहासिक नाटक लिहिले आणि 1834 मध्ये, वयाच्या 21 व्या वर्षी, ते बाड घेऊन पॅरिस गाठले. तिथले नामवंत समीक्षक सां-मार्क जिरार्दें यांनी ते वाचले आणि पोटापाण्यासाठी आधी एखादा व्यवसाय शिकण्याचा सल्ला दिला. औषधांचे थोडे ज्ञान आहेच, तर वैद्यकी का शिकत नाही, असे त्यांनी सुचवले. बेर्नार यांनी ते ऐकले.

वैद्यकीय महाविद्यालयात ते फार चमकले नाहीत. 1843 मध्ये डॉक्टर झाले, पण पुढच्याच वर्षी अध्यापकपदाच्या परीक्षेत नापास झाले. त्यांची खरी शाळा वेगळीच होती. कॉलेज द फ्रान्स या संस्थेत फ्रांस्वा माजांदी हे शरीरक्रिया शिकवत आणि वर्गातच प्रयोग करून दाखवत. 1841 पासून बेर्नार त्यांचे मदतनीस होते. त्यांच्या हातातले कौशल्य गुरूच्याही पुढचे होते.

त्या काळी सजीवांबद्दल काय समज होता?

हे समजून घेतल्याशिवाय पुढची गोष्ट कळणार नाही.

पहिला समज प्राणशक्तीचा. दगड, पाणी, वाफ यांना निसर्गाचे नियम लागू पडतात, पण सजीवांत एक वेगळी शक्ती असते आणि ती त्या नियमांना दाद देत नाही, असे अनेक मोठे डॉक्टर मानत. फ्रान्समधले थोर शरीररचनातज्ज्ञ झाविये बिशा यांच्या मते, मृत्यूला विरोध करणाऱ्या सगळ्या क्रियांची बेरीज म्हणजे जीवन. बाहेरचे जग शरीराला सतत मोडू पाहते आणि आतली शक्ती त्याच्याशी झुंजते, असे हे चित्र होते. 1828 मध्ये व्होलर या जर्मन रसायनतज्ज्ञांनी लघवीत सापडणारा युरिया प्रयोगशाळेत तयार केला. पण एवढ्याने प्राणशक्तीवरचा विश्वास गेला नाही.

या समजाचा व्यवहारात तोटा होता. एकाच प्रयोगाची दोन प्राण्यांत दोन उत्तरे आली, तर सजीवांचे असेच असते म्हणून विषय संपवता यायचा. एकच औषध एका रुग्णाला लागू पडले आणि दुसऱ्याला नाही, तर तेही प्राणशक्तीच्या लहरीवर ढकलता यायचे.

दुसरा समज वनस्पती आणि प्राणी यांच्याबद्दलचा. साखर, चरबी यांसारखे पदार्थ फक्त वनस्पती तयार करतात आणि प्राणी ते खाऊन मोडतात, असे मानले जाई. या हिशेबाने तुमच्या रक्तातली साखर अन्नातूनच यायला हवी. उपाशी माणसाच्या रक्तात ती असायलाच नको.

सशांनी शिकवलेला धडा

एकदा बाजारातून आणलेले ससे बेर्नार यांच्या प्रयोगशाळेच्या टेबलावर ठेवले होते. त्यांनी तिथेच लघवी केली. ती स्वच्छ आणि आम्लधर्मी होती. सशासारख्या गवत खाणाऱ्या प्राण्यांची लघवी गढूळ आणि अल्कधर्मी असते. स्वच्छ आणि आम्लधर्मी लघवी मांस खाणाऱ्यांची. मग या सशांचे काय बिनसले होते?

दुसऱ्या कोणी ती लघवी पुसून टाकली असती. बेर्नार यांनी तर्क केला की बाजारात सशांना बराच वेळ खायला मिळालेले नसावे. उपाशी ससा स्वतःच्याच शरीरातले मांस वापरून जगतो, म्हणजे तेवढ्यापुरता तो मांसाहारी होतो. त्यांनी सशांना गवत दिले. लघवी गढूळ झाली. पुन्हा उपाशी ठेवले. लघवी स्वच्छ झाली. मग उकडलेले मांस खाऊ घातले. लघवी स्वच्छच राहिली.

यात लहर कुठेच नव्हती. परिस्थिती सारखी असली की उत्तर सारखे येते. उत्तर वेगळे आले, तर परिस्थितीत आपल्या नजरेतून काहीतरी सुटलेले असते. सजीवही नियमानेच चालतात, फक्त त्यांच्यात बघायच्या गोष्टी पुष्कळ असतात. हा बेर्नार यांचा पाया ठरला.

त्याच सशांनी आणखी एक गोष्ट दाखवली. चरबी पचल्यावर आतड्याच्या बारीक रसवाहिन्या दुधासारख्या पांढऱ्या दिसतात. सशांमध्ये हा पांढरा रंग जठराच्या तोंडापासून सुमारे एक फूट खाली सुरू होत होता. सशाच्या स्वादुपिंडाची नळी आतड्याला तिथेच येऊन मिळते. चरबी पचवण्यात स्वादुपिंडाच्या रसाचे काम किती मोठे आहे, हे त्यातून उघड झाले.

धुतलेल्या यकृतात साखर परत कशी आली?

आता आपल्या मूळ प्रश्नाकडे येऊ.

1848 मध्ये बेर्नार साखरेचा शरीरातला प्रवास शोधत होते. साखर खाल्लेल्या कुत्र्याच्या यकृतातून बाहेर पडणाऱ्या रक्तात त्यांना साखर मिळाली. यात नवल नव्हते. पण ताळा म्हणून त्यांनी फक्त मांस खाणारा कुत्राही तपासला. त्याच्याही यकृतातून बाहेर पडणाऱ्या रक्तात साखर होती. अन्नात साखर नाही आणि यकृतातून मात्र ती बाहेर पडते. याचा अर्थ यकृतच ती तयार करते. प्राणी फक्त मोडतात हा समज इथे कोसळला.

पुढचा शोध एका राहून गेलेल्या मोजणीतून लागला. एकाच यकृतातली साखर ते लागोपाठ दोनदा मोजत. एके दिवशी दुसरी मोजणी दुसऱ्या दिवसावर गेली आणि साखर पहिल्यापेक्षा कितीतरी जास्त निघाली. मग त्यांनी नुकत्याच मारलेल्या कुत्र्याचे यकृत काढून त्याच्या रक्तवाहिन्यांतून पाणी सोडले आणि साखरेचा अंशही उरणार नाही इतके धुतले. ते यकृत तसेच ठेवून दिले. दुसऱ्या दिवशी त्यात पुन्हा भरपूर साखर होती. प्रयोगाचा हा निष्कर्ष त्यांनी 1855 मध्ये मांडला.

म्हणजे यकृतात साखरेचा कुठलातरी साठा होता आणि तो मोडून साखर बनत होती. 1857 मध्ये त्यांनी तो पदार्थ वेगळा काढला. तोच ग्लायकोजेन. तुम्ही जेवता तेव्हा यकृत जादा साखरेचे ग्लायकोजेन करून ठेवते. तुम्ही झोपता तेव्हा ते मोडून साखर थोडी थोडी रक्तात सोडते.

या प्रयोगातली खरी मेख इथेच आहे. कुत्रा मेलेला होता आणि यकृत शरीराबाहेर होते. तरी साखर तयार होत राहिली. यकृत आधी उकळले, तर मात्र ती होत नव्हती. याचा अर्थ ग्लायकोजेन मोडणे ही साधी रासायनिक क्रिया आहे आणि तिला जिवंत प्राणी लागत नाही. ग्लायकोजेन बांधायला मात्र तो लागतो, असे बेर्नार मानत.

यातून बेर्नार यांना एक मोठी गोष्ट दिसली. शरीरात दोन प्रकारची कामे सतत चालू असतात, मोडणे आणि बांधणे. तुम्ही हात हलवता, श्वास घेता, विचार करता, तेव्हा काहीतरी मोडत असते. हे आपल्याला दिसते, म्हणून आपण त्यालाच जिवंतपणा म्हणतो. पण मोडणे मेल्यानंतरही होते. कुजणे म्हणजे मोडणेच. बांधणे आत गुपचूप चालते, दिसत नाही, आणि सजीवाची खूण तेच आहे.

लाजाळूला भूल

हे फक्त प्राण्यांपुरते खरे आहे का? ते तपासायला बेर्नार वनस्पतींकडे वळले.

लाजाळूचे रोप तुम्ही पाहिले असेल. बोट लावले की पाने मिटतात. बेर्नार यांनी ते काचेच्या हंडीखाली ठेवले आणि आत ईथरची वाफ सोडली. शस्त्रक्रियेआधी रुग्णाला देत तीच ही भूल. थोड्या वेळाने पानांना हात लावला, तर ती मिटेनात. हंडी काढून मोकळी हवा दिली, तर रोप पूर्ववत झाले. ईथरच्या वाफेत ठेवलेले ओले बी रुजले नाही. वाफ काढल्यावर त्याला कोंब आला. यीस्टने साखर आंबवणे थांबवले आणि ईथर गेल्यावर पुन्हा सुरू केले.

माणूस, रोप, बी आणि यीस्ट, या सगळ्यांना एकच भूल चढते आणि उतरते. बाहेरच्या गोष्टीला प्रतिसाद देण्याचा गुण सगळ्या सजीवांत मुळातून एकच आहे, असा निष्कर्ष त्यांनी काढला. वनस्पती आणि प्राणी यांच्यातली जुनी भिंत आणखी खचली. लाजाळूला माणसासारखे दुखते, असा त्यांचा दावा नव्हता. वेदना आणि जाणीव ही त्या मूळ गुणाची वरची पायरी आहे, असे ते मानत.

तुमच्या आतले पर्यावरण

कणगीतले ज्वारीचे दाणे जिवंत आहेत का? ते खात नाहीत आणि वाढत नाहीत. पण पाऊस पडला की उगवतात. बेर्नार यांनी याला सुप्त जीवन म्हटले. बेडूक थंडीत मंदावतो आणि ऊब मिळाली की जोमाने हिंडतो. बाहेरचे हवामान बदलेल तसे हे जीवन वरखाली होते. तिसरा प्रकार आपला. मे महिन्यात नागपूरला 45 अंश असोत किंवा डिसेंबरात महाबळेश्वरला कडाक्याची थंडी असो, तुमच्या शरीराच्या आत 37 अंशांच्या आसपासच असते.

असे का? बेर्नार यांचे उत्तर असे: तुमच्या पेशी बाहेरच्या हवेत राहतच नाहीत. त्या राहतात रक्त आणि पेशींभोवतीचे द्रव यांत. हे शरीराचे आतले पर्यावरण. त्यातली उष्णता, पाणी, साखर, क्षार आणि ऑक्सिजन जवळजवळ स्थिर राहतात, म्हणून तुम्ही कुठेही हिंडू-फिरू शकता. ही स्थिरता नुसती बसून मिळत नाही. फुप्फुसे, मूत्रपिंडे, यकृत, त्वचा आणि मेंदू ती क्षणोक्षणी राखत असतात. 1926 मध्ये अमेरिकन शरीरक्रियातज्ज्ञ वॉल्टर कॅनन यांनी या राखण्याला होमिओस्टॅसिस हे नाव दिले.

तुमचा रिपोर्ट पुन्हा हातात घ्या. प्रत्येक आकड्यासमोर एक मर्यादा छापलेली असते. सोडियम 135 ते 145. उपाशीपोटी साखर 70 ते 99. ही मर्यादा म्हणजे त्या आतल्या पर्यावरणाची सीमा. आयसीयूमध्ये सलाईन, ऑक्सिजन आणि डायलिसिस यांनी आम्ही हीच सीमा सांभाळत असतो.

मग प्राणशक्ती आहे की नाही?

बेर्नार यांनी या प्रश्नाला सरळ हो किंवा नाही म्हटले नाही. जीवनाची पक्की व्याख्या करण्यात अर्थ नाही, असे त्यांचे मत होते. एका इवल्या अंड्यातून कोंबडीच का होते, याला काही आराखडा असला पाहिजे, हे ते मान्य करत. पण आराखडा स्वतः विटा उचलत नाही. उचलण्याचे सगळे काम रसायन आणि भौतिक नियमच करतात, आणि डॉक्टरला हात घालता येतो तो तिथेच. जीवन म्हणजे काय, हा प्रश्न त्यांनी बाजूला ठेवला आणि जीवन कोणत्या परिस्थितीत चालते, हा हाती घेतला. 1865 मध्ये आलेल्या प्रायोगिक वैद्यकशास्त्राच्या प्रस्तावनेत त्यांनी ही पद्धत सविस्तर मांडली. आजारपणामुळे गावी राहावे लागले, त्या काळात हे पुस्तक झाले.

ते सगळीकडे बरोबर नव्हते. मेंदूच्या तळाशी एका ठिकाणी सुई टोचली की प्राण्याच्या लघवीत काही काळ साखर येते, हे त्यांनी 1849 मध्ये दाखवले होते. त्यामुळे मधुमेहाचे मूळ ते चेतासंस्था आणि यकृतातच शोधत राहिले. ज्या स्वादुपिंडावर त्यांनी इतके काम केले, त्याचा मधुमेहाशी असलेला संबंध 1889 मध्ये दुसऱ्यांनी शोधला.

या ज्ञानाची किंमत

हे सगळे वाचताना तुम्हाला त्या कुत्र्यांचे आणि सशांचे वाईट वाटले असेल. वाटायलाच हवे. बेर्नार जिवंत प्राण्यांवर प्रयोग करत. सुरुवातीच्या काळात भूल उपलब्धच नव्हती. पुढे ती आली, तरी प्रत्येक प्रयोगात वापरली गेली नाही.

क्युरारे या दक्षिण अमेरिकेतल्या बाणांच्या विषाचा अभ्यास त्यांनीच केला. या विषाने स्नायू लुळे पडतात, पण जाणीव जात नाही. निपचित पडलेल्या शरीरात सगळे कळणारे मन शाबूत असू शकते, हे त्यांनी स्वतः ओळखले आणि लिहिले. तरीही क्युरारे देऊन प्राण्यांवर प्रयोग होत राहिले. आज शस्त्रक्रियेत स्नायू सैल करणारे औषध देताना झोपेचे औषधही देतात, ते याच कारणाने.

घरात याचा स्फोट झाला. 1845 मध्ये त्यांचे फॅनी यांच्याशी लग्न झाले होते. फॅनी यांच्या हुंड्यामुळेच त्यांना संशोधन चालू ठेवता आले. दोन मुलगे तान्हेपणीच गेले. दोन मुली राहिल्या. पत्नी आणि मुली प्राण्यांवरच्या प्रयोगांच्या कट्टर विरोधात होत्या. अखेर पतीपत्नी कायद्याने विभक्त झाले. सगळ्या सजीवांतले नाते दाखवणारा माणूस त्या नात्याच्याच प्रश्नावर घरी एकटा पडला.

ज्ञान मिळाले म्हणून तो त्रास विसरायचा का? आजचे उत्तर नाही असे आहे. जमेल तिथे प्राण्यांऐवजी दुसरा मार्ग, जमेल तितके कमी प्राणी आणि कमीत कमी वेदना, ही तीन तत्त्वे 1959 मध्ये मांडली गेली. भारतात 1960 च्या कायद्याखाली अशा प्रयोगांवर देखरेख असते.

अखेर

मानसन्मान भरपूर मिळाले. फ्रेंच अकादमीचे सदस्यत्व आणि सिनेटमधली जागाही मिळाली. आयुष्याच्या शेवटी ते वनस्पती आणि प्राणी या दोन्हींत समान असलेल्या जीवनक्रियांवरची व्याख्याने पुस्तकासाठी तपासत होते. 10 फेब्रुवारी 1878 रोजी पॅरिसमध्ये त्यांचे निधन झाले. पुस्तक त्याच वर्षी मागाहून प्रसिद्ध झाले. फ्रान्सने त्यांचा अंत्यविधी सरकारी इतमामात केला. तिथे हा मान मिळालेले ते पहिले वैज्ञानिक.

तुमच्यासाठी काय?

- उपाशीपोटी रक्तातली साखर मुख्यतः यकृतातून येते. मधुमेहात यकृताला आवर घालणारे इन्सुलिन कमी पडते, म्हणून रात्री न खाताही सकाळची साखर वाढू शकते. रुग्णावर चोरून खाल्ल्याचा आरोप करण्याआधी हे आठवा.
- साखर वाढलेली दिसली म्हणून रात्रीचे जेवण बंद करू नका. इन्सुलिन किंवा साखर कमी करणाऱ्या काही गोळ्या चालू असतील, तर साखर धोकादायक पातळीपर्यंत खाली जाऊ शकते.
- मेटफॉर्मिन हे नेहमीचे औषध मुख्यतः यकृतातून साखर सुटणे कमी करते. ते डॉक्टरांना विचारल्याशिवाय थांबवू नका.
- एकच औषध शेजाऱ्याला लागू पडले आणि तुम्हाला नाही, तर नशिबाला दोष देऊ नका. तुमची परिस्थिती कुठे वेगळी आहे, ते डॉक्टरांसोबत शोधा. बाजारातल्या सशांनीही तेच शिकवले होते.

हा लेख सर्वसाधारण माहितीसाठी आहे. तुमच्या तपासण्या आणि औषधे यांबद्दल तुमच्या डॉक्टरांचाच सल्ला घ्या.